लांबनाकीचं तळं

धाकटी : “आधी फोटो फिरवा. सावली आपल्या अंगावर येऊ दे. मग डोळा लावा.” फोटो वाचायला शिकवणारे आमचे मास्तर रोज सकाळी दारातूनच हे म्हणायचे, मग पायपुसण्यावर बूट घासायचे आणि मग आत यायचे. फलकावर पहिलं हे वाक्य घाला, बाई.

दादा : विमानाचा इतिहास लिहायचाय की तुझ्या मास्तरांच्या बुटांचा?

धाकटी : बूट नकोत. वाक्य हवं.

दादा : लोक विमान बघायला येणार. वर मान करून बघणार, तर समोर काय? सावली, डोळा, फोटो फिरवा. त्यांना वाटेल चष्म्याच्या दुकानात आलो.

बाई : काका, मावशी, तुम्ही दोघं एकदम बोललात की माझी पेन्सिल दोन्हीकडे धावते. रंगारी चार वाजता येतोय. परवा रविवारी दहाला उद्घाटन. आणि संग्रहालयाच्या या विमानाच्या दालनात मला येऊन जेमतेम दोन महिने झालेत. त्याआधी बारा वर्षं मी मडक्यांच्या दालनात काढली. विमानातलं मला नाक आणि शेपूट, एवढंच कळतं.

दादा : या समोरच्या विमानाचं नाक कळलं तरी पुष्कळ झालं. बघा ना केवढं आहे. म्हणून तर आम्ही सगळे हिला लांबनाकी म्हणायचो.

बाई : ते लिहिते. लांबनाकी. पण नाक लांब का?

दादा : जन्माला आली तेव्हा नव्हतं. तेव्हा ही लढाऊ होती. नाकात चार बंदुका. मग वरून हुकूम आला, बंदुका काढा आणि कॅमेरे बसवा. बंदुकीपेक्षा कॅमेऱ्याला जागा जास्त लागते, म्हणून नाक ओढून लांब केलं. एक कॅमेरा समोर बघणारा, दोन दोन्ही बाजूंना, आणि दोन सरळ पोटाखाली. ते गोल काचेचं झाकण दिसतंय का? तिथून.

बाई : म्हणजे लढाईत जायचं आणि हातात काही नाही?

दादा : काही नाही. आधी मला फार राग यायचा. बाकीचे पठ्ठे बंदुका घेऊन जायचे आणि आम्ही आपले लग्नातल्या फोटोग्राफरसारखे.

धाकटी : लग्नातला फोटोग्राफर निदान जेवून परततो. हा परत आला की आधी भांडायचा, मग जेवायचा.

दादा : भांडणार नाही तर काय? नियमच तसा होता. निशाणावर आलात की सरळ आणि सपाट उडायचं. चाळीस सेकंद. खालून काय वाटेल ते येऊ दे, डावीकडे नाही, उजवीकडे नाही. जरा जरी हललात तर फोटो वाकडा. आणि फोटो वाकडा आला तर ही धाकटी मला विचारणार, “दादा, शिंक आली होती का?”

धाकटी : एकदाच विचारलं होतं.

दादा : तीन वेळा.

बाई : थांबा, तुम्ही दोघं एकाच हवाई तळावर होता? सख्खे बहीणभाऊ?

धाकटी : माझी नेमणूक आधी झाली. हा नंतर आला.

दादा : आणि आल्याबरोबर माझं टोपणनाव ‘घार’ पडलं, हिचं ‘घारीची बहीण’. त्याचा राग तिला अजून आहे.

धाकटी : मला राग नाही. मी चार वर्षं आधीपासून तिथे होते, तर ‘बहिणीची घार’ म्हणायला हवं होतं, इतकंच.

बाई : मावशी, तुमचं काम नक्की काय होतं? मडक्यांच्या भाषेत सांगा.

धाकटी : हा उतरला की माणसं धावत जाऊन नाकातून फिल्मचे डबे काढायची. तंबूत नेऊन धुवायची. पाऊण तासात ओले फोटो माझ्या टेबलावर. मी ते वाचायचे. हा पूल आहे की नुसती सावली, या झाडाखाली गाडी आहे की झाडच आहे. एकाच जागेचे दोन फोटो शेजारी ठेवायचे, वर दोन भिंगांचा स्टँड, त्यातून बघितलं की जमीन उठून उभी राहते. घरं वर येतात, विहिरी खाली जातात. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मी हात पुढे केला होता, एका देवळाच्या कळसाला बोट लावायला.

बाई : हे सुंदर आहे. हे लिहिते.

दादा : आता माझं लिहा. बाँब टाकायला गेलेलं विमान परत आलं नाही तरी त्याचं काम झालेलं असतं. फोटो काढायला गेलेलं परत आलं नाही तर काम झालंच नाही. आम्हाला परत यावंच लागायचं. हिच्या सगळ्या जन्मात ही एकशे एक्याऐंशी वेळा गेली आणि एकशे एक्याऐंशी वेळा परत आली. एकदा उजव्या पंखाला एवढं भोक घेऊन. ते ठिगळ अजून दिसतं, रंग जरा उजळ आहे बघा.

बाई : तुम्हीच होता आत?

दादा : मीच. भोक कळलंच नाही मला. उतरल्यावर मेकॅनिक म्हणाला, साहेब, यातून माझं डोकं जातंय. आणि घालून दाखवलं त्याने. मग काढताना निघेना.

धाकटी : साबण लावून काढलं. मी होते.

बाई : अहो, हे सगळं कुठे मावणार? फलक आठ फूट बाय चार आहे. बरं, लढाई संपल्यावर?

दादा : मग हिला कोणी विचारेना. नवी विमानं आली, चकचकीत. हिला पाठवलं पुरावर. नद्या कुठवर चढल्या, ते बघायला. मग वणव्यावर. मग नकाशाच्या खात्याला उसनी दिली, नवे नकाशे करायचे होते ना. दोन वर्षं आम्ही नुसत्या रेघा मारल्या आकाशात, शेत नांगरल्यासारख्या. मग माझं उडणं संपलं. नंतर तिचंही. हँगरच्या मागे उभी होती सतरा वर्षं. कॅमेऱ्याच्या खणात साळुंक्यांनी घरटं केलं होतं.

बाई : आणि त्या नकाशांमधलाच तो भाग. माझ्या फलकाचा शेवट. थांबा, वाचून दाखवते. “शांततेच्या काळात या विमानाने नव्वद तालुक्यांचे नकाशे घडवले. डोंगराळ भागातले, कोणालाही ठाऊक नसलेले एक तळे याच विमानाच्या कॅमेऱ्याने शोधून काढले. वैमानिकाच्या टोपणनावावरून त्याचे नाव घारतळे असे ठेवण्यात आले.” आणि खाली नकाशाचा तो तुकडा, मोठा करून, निळ्या रंगात.

दादा : निळा जरा गडद घ्या. खोल आहे ते.

बाई : तुम्ही पाहिलंय?

दादा : वरून. चमकतं ऊन पडलं की. खाली जायचं कायम राहूनच गेलं. पण आता ते बाकी नाही राहणार. रविवारी उद्घाटन आटपलं की दुपारी सगळी नातवंडं घेऊन चाललोय. गाडी सांगितलीय. रबरी नाव घेतलीय, सहा माणसांची, दोन वल्ह्यांची. काल अंगणात फुगवून पाहिली. धाकटे, तू नावेत पुढे बसायचंस.

धाकटी : दादा.

दादा : वल्हं मारायला नाही सांगणार तुला. नुसतं बसायचं.

धाकटी : दादा, नाव परत दे दुकानात.

दादा : का? पाण्याची भीती वाटते? कंबरेला बांधायचे तरंगायचे पट्टेपण घेतलेत.

धाकटी : बाई, तुम्ही जरा पेन्सिल खाली ठेवता? दादा, तू त्या शिडीवर बस. मला तुला काहीतरी सांगायचंय आणि तू उभा असलास की मला सांगता येत नाही, तू फार उंच आहेस.

दादा : बसलो. कोणाला काय झालं?

धाकटी : कोणाला काही झालेलं नाही. तिथे तळं नाही.

दादा : आटलं?

धाकटी : आटलं नाही. कधी नव्हतंच. ती टेकडी आहे.

बाई : टेकडी?

धाकटी : चांगली गोल, एकटी टेकडी. मी फोटो उलटा धरला होता.

दादा : तू? फोटो उलटा? अगं, तू घरी वर्तमानपत्रसुद्धा सरळ करून देतेस लोकांच्या हातात.

धाकटी : त्या दिवशी धरला. दादा, ऐक. त्या जागेचा जोडीतला दुसरा फोटो मला मिळालाच नाही. ढग आला होता मध्ये. एकाच फोटोवर काम भागवायचं होतं. एकच फोटो असला की भिंगं काही कामाची नाहीत, सगळा भरवसा सावलीवर. सावली आपल्याकडे पडलेली असली तर टेकडी टेकडी दिसते. फोटो फिरला आणि सावली पलीकडे पडली की तीच टेकडी खड्डा दिसते. डोळ्याचा खेळ आहे तो. कितीही शिकलेला डोळा असू दे, फसतो.

बाई : थांबा, माझ्याकडे मडक्याच्या ठशाचा फोटो आहे मोबाईलमध्ये. असा फिरवला तर... अगंबाई. नक्षी आत गेली.

धाकटी : तेच. आणि माझ्या शेजारी जुना नकाशा उघडा होता. नकाशा उत्तर वर करून वाचतात. तुलना करायला सोपं म्हणून मी फोटोही उत्तर वर ठेवला. मास्तर रजेवर होते. संध्याकाळपर्यंत अडतीस फोटो संपवायचे होते. मला एक गोल खोलगट जागा दिसली, आत काळं. वणव्याने जळलेलं गवत असणार ते. मला वाटलं, पाणी. मी लिहिलं, “तळे. खोल. बारमाही.”

दादा : बारमाही कशावरून लिहिलंस?

धाकटी : ते मला आजतागायत कळलेलं नाही.

दादा : म्हणजे चूक ढगाची.

धाकटी : ढगाने लिहिलं नाही, दादा. माझं अक्षर आहे.

दादा : पण मी स्वतः पाहिलंय. नंतर दोनदा गेलो त्यावरून. चमकत होतं.

धाकटी : तू समोर बघत होतास. खाली कॅमेरा बघत होता. तूच म्हणायचास, वैमानिकाला पोटाखालचं काही दिसत नाही.

दादा : मग मला काय चमकताना दिसलं?

धाकटी : तुझं नाव.

बाई : मी... मी चहा सांगून येऊ का?

दादा : बसा हो तुम्ही. चहा कसला. धाकटे, तुला हे कधी कळलं?

धाकटी : आठ-नऊ वर्षांनी. मी नव्या मुलींना शिकवत होते. तोच फोटो नमुना म्हणून टेबलावर होता. एक मुलगी टेबलाच्या पलीकडून बघत होती, म्हणजे तिला तो उलट दिसत होता. ती म्हणाली, बाई, टेकडीला तळं का म्हणता? मी उठून तिच्या बाजूला गेले. आणि माझ्या डोळ्यांदेखत ते तळं वर आलं.

दादा : तेव्हाच का नाही बोललीस?

धाकटी : ते कुठलं वर्ष होतं, आठव. डोळ्याच्या डॉक्टरने तुला शेवटची ओळ वाचायला लावली आणि तुला ती दिसली नाही. तुझं उडणं बंद झालं. दीड महिना तू दाढी केली नव्हतीस. वहिनी मला रोज फोन करायची. आणि त्यातच नवा छापील नकाशा आला घरी, त्यावर घारतळं. तू तो भिंतीला लावलास आणि दाढी केलीस. आता मी काय करू? खात्याला पत्र लिहिलं होतं मी. पाकिटात घातलं, पत्ता घातला. टाकलं नाही.

दादा : तीस वर्षं.

धाकटी : एकतीस. दर उन्हाळ्यात तो नकाशा आठवायचा. वाटायचं, कोणी पाण्याच्या आशेने तिकडे गेलं तर? देवाची दया, तिथले धनगर नकाशा वाचत नाहीत.

बाई : मावशी, मी आत्ताच मोबाईलवर पाहिलं. रेषांच्या नकाशात निळा ठिपका आहे, घारतळे, नावासकट. आणि उपग्रहाच्या चित्रात तिथे तपकिरी गोल. दोन्ही एकाच मोबाईलमध्ये.

धाकटी : जुन्यावरून नवा, नव्यावरून अजून नवा. कोणी खाली उतरून बघितलं नाही.

दादा : उंची किती असेल?

धाकटी : कशाची?

दादा : टेकडीची. काय कशाची.

धाकटी : सावलीवरून मोजली होती मी नंतर. दोनशे फूट तरी.

दादा : एका खेपेला मी एका नव्या पोराला सांगितलं होतं, घारतळ्यावरून बिनधास्त खाली उतर, पाणीच आहे, आपटायला काही नाही.

बाई : मग?

दादा : तो भित्रा निघाला. उतरलाच नाही. त्याला मी महिनाभर चिडवलं. आज त्याला फोन करायला पाहिजे.

धाकटी : दादा, तू हसतोयस का?

दादा : मग काय करू? सहा माणसांची नाव, धाकटे. पंप घेतलाय पायाने मारायचा. सगळी नातवंडं पोहायचे कपडे घालून टेकडीवर चढली असती आणि त्यांच्या मागून मी, डोक्यावर नाव घेऊन.

धाकटी : म्हणूनच सांगितलं.

दादा : म्हणजे नाव नसती घेतली तर?

धाकटी : तर कदाचित नसतं सांगितलं. ते खोटं बोलणार नाही मी. पण फलक ऐकला आणि वाटलं, आता हे रंगात जाणार. पोरं वह्यांत उतरवून नेणार. माझी एक चूक पुरे, तिला पिल्लं नकोत.

दादा : राग आलाय मला. हसतोय म्हणून समजू नकोस की नाही आला.

धाकटी : येऊ दे. तू रागावलास की मला बरं वाटेल. इतकी वर्षं तू त्या नकाशाकडे बघून खूश व्हायचास आणि मी तुझ्याकडे बघून स्वयंपाकघरात जायचे.

दादा : तरीच. मला वाटायचं, हिला माझा हेवा वाटतो.

धाकटी : तोही होता थोडा. तळं मी शोधलं आणि नाव तुझं.

दादा : तळं तू शोधलं नाहीस. तेच तर ठरलंय आत्ता.

बाई : काका, मावशी, माझी एकच अडचण आहे. चार वाजता रंगारी येईल तेव्हा मी त्याला काय सांगू? सरकारी नकाशात तळं आहे. मी फलकावर टेकडी लिहिली तर मला वरून पत्र येईल. तळं लिहिलं तर आता माझा हात धजणार नाही.

धाकटी : नकाशा बदलायचा तर खात्याचा नियम आहे. वरून काढलेलं चित्र चालत नाही. कोणीतरी त्या जागी स्वतःच्या पायांवर उभं राहायचं, तिथून फोटो काढायचा, आणि सहीनिशी द्यायचा. आमच्या काळी संशय आला की फोटो वाचणारा स्वतः जायचा. मी कधी गेले नाही.

दादा : मग जा की.

धाकटी : मी?

दादा : तुझी टेकडी आहे. मी इतक्या वेळा वरून बघून आलो तुझ्यासाठी, एकदा तू खालून बघून ये माझ्यासाठी. माझे गुडघे त्या चढावर चालायचे नाहीत, नाहीतर तुझ्या आधी पोचलो असतो. बाई, फलकाच्या शेवटी वीतभर जागा कोरी ठेवता येईल?

बाई : उद्या संध्याकाळी सहापर्यंत. त्यानंतर रंग वाळणार नाही.

दादा : झालं. उद्या सहाच्या आत मला एक फोटो हवा. टेकडीच्या माथ्यावरून, तू त्यात दिसली पाहिजेस. आणि सरळ धर, मेहरबानी कर.

धाकटी : आणि त्याखाली काय लिहायचं?

दादा : टेकडीला नाव आहे का कोणाचं?

धाकटी : नकाशात तरी नाही.

दादा : मग घारटेकडी. अगं, घार पाण्यात कधी बसते का? इतकी वर्षं माझ्या डोक्यात कसं नाही आलं. आणि बाई, खाली हेही लिहा की तळं कसं झालं नि टेकडी कशी झाली. सगळं. हिच्या मास्तरांच्या वाक्यासकट. पोरांना माझ्या पंखातल्या भोकापेक्षा तेच जास्त आवडेल.

बाई : मावशींची चूक फलकावर? मावशी, चालेल तुम्हाला?

धाकटी : चालेल. फक्त “बारमाही” वगळा.

दादा : अजिबात वगळायचं नाही. ठळक अक्षरात घाला. धाकटे, नक्की जाशील ना? गुडघे तुझेही काही कोवळे नाहीत.

धाकटी : जाईन. शब्द देते.

दादा : सोबतीला नातवाला पाठवू?

धाकटी : नको. हे मला एकटीलाच करू दे.

(दुसऱ्या दिवशी, सकाळची पहिली बस.)

कंडक्टर : कुठे, आजी?

धाकटी : घारतळं फाटा. एक.

कंडक्टर : तिथे उतरणारं कोणी नसतं. आधीच सांगतो, फाट्याचं नाव तेवढं आहे, तळंबिळं काही नाही तिथे. मागे दोघंजण पोहायला म्हणून उतरले आणि संध्याकाळी माझ्याच गाडीत बसून मलाच बोल लावत परतले.

धाकटी : त्यांना मी सॉरी म्हणाले म्हणून सांगा, भेटले तर.

कंडक्टर : तुम्ही कशाला?

धाकटी : असंच. टेकडी आहे ना पण तिथे?

कंडक्टर : आहे की. मोठी आहे, खडा चढ आहे. सावकाश जा. आणि वर पाण्याचा थेंब मिळायचा नाही.

धाकटी : माहीत आहे. घरून घेतलंय.